ताळा जुळतोय, तरी उत्तर चुकतंय

"काकू, ताळा बरोबर येतोय की. पुस्तकातलंच उत्तर चुकलं असणार."

जून संपत आला की सांगलीत विश्रामबागेतल्या आमच्या पुढच्या खोलीतल्या शिकवणीत हे वाक्य एकदा तरी कानावर येतंच. दहावीच्या गणिताच्या पहिल्या भागातला पहिलाच धडा दोन चलांतील रेषीय समीकरणांचा. शाळा सुरू होऊन दोन आठवडे झालेले, वह्या कोऱ्या, पोरं जोरात, आणि उत्तर मात्र मागच्या पानाशी जुळत नाही. पुस्तकात छपाईची चूक नसतेच असं नाही. पण आजवर माझ्यापुढे भांडत आलेल्या वह्यांत चूक बहुतेक वेळा वहीतच निघाली आहे, आणि ती ठरलेल्या तीन-चार जागांपैकीच एकीवर.

समीकरणांची बेरीज-वजाबाकी करून एका चलाचा लोप करायचा, त्यात पोरं फारशी अडत नाहीत. अडतात ती किंमत ठेवून सोडवताना. एका समीकरणातून एका चलाची किंमत दुसऱ्या चलाच्या रूपात काढायची आणि ती उरलेल्या समीकरणात ठेवायची, एवढीच ही रीत. गणितात पद्धत सांगितलेली नसेल तर पोरं हिच्या वाटेला जात नाहीत. माझं म्हणणं, आत्ताच हात बसवून घ्या. पुढं अकरावीत एक समीकरण रेषेचं आणि दुसरं वर्तुळाचं आलं की बेरीज-वजाबाकीनं काही हलत नाही, तिथं किंमत ठेवणंच कामाला येतं.

खाली मी क्ष आणि य वापरते. आमच्या वेळच्या बाई फळ्यावर हेच लिहायच्या. शिवाय घाईत लिहिलेला एक्स आणि गुणिलेचं चिन्ह यांत पोरांचा जो गोंधळ होतो, तो क्षमध्ये होत नाही.

आता मूळ दुखणं. हे गणित घ्या.

२क्ष − य = ४ … (१)
५क्ष − ३य = ७ … (२)

समीकरण (१) वरून य = २क्ष − ४. इथवर सगळ्यांचं येतं. आता ही किंमत (२) मध्ये ठेवायची. मागच्या वर्षी एका मुलीच्या वहीत पुढची ओळ अशी होती:

५क्ष − ३ × २क्ष − ४ = ७

मग −क्ष − ४ = ७, म्हणून क्ष = −११. य = २ × (−११) − ४ = −२६. खाली तिनं शहाण्यासारखा ताळाही केला होता: २ × (−११) − (−२६) = −२२ + २६ = ४. जुळलं! दोन रेघा मारून उत्तराला चौकट.

शेजारच्या मुलानं कंस घातला होता, पण वजा तीननं गुणताना दुसऱ्या पदाचं चिन्ह बदललं नव्हतं. ५क्ष − ६क्ष − १२ = ७, क्ष = −१९, य = −४२. त्याचाही ताळा जुळला: −३८ + ४२ = ४. त्याचीही चौकट. दोघं एकमेकांच्या वहीत बघून हसत होते, कारण दोघांची उत्तरं वेगळी आणि दोघांचाही ताळा बरोबर.

बरोबर उत्तर क्ष = ५, य = ६. कंस घालून ५क्ष − ३(२क्ष − ४) = ७, म्हणजे ५क्ष − ६क्ष + १२ = ७, म्हणजे −क्ष = −५.

मग चुकीच्या उत्तरांचा ताळा जुळलाच कसा? दोघांनीही तो समीकरण (१) मध्ये केला. आणि यची किंमत आली कुठून? त्याच (१) मधून. तुम्ही क्ष म्हणून मनाला येईल तो आकडा घ्या, अगदी हजार घ्या. य जर २क्ष − ४ वरून काढला तर (१) जुळणारच. शंका असेल तर आलेख काढा. (५, ६), (−११, −२६) आणि (−१९, −४२) हे तिन्ही बिंदू (१) च्याच रेषेवर बसतात. (२) ची रेषा मात्र त्यांतल्या एकाच बिंदूतून जाते.

माझं माहेर वाळवा तालुक्यातलं, घरचा ऊस. तोडणी झाली की भरलेली गाडी आधी बाहेरच्या काट्यावर चढवायची, वडील पावती वरच्या खिशात घालायचे, आणि मग कारखान्याच्या काट्यावर. दोन पावत्या जुळल्या की घरी शांतता, नाही जुळल्या की जेवताना एकच विषय. आता कोणी कारखान्याच्याच काट्यावर गाडी दोनदा चढवली आणि "दोन्ही वेळा वजन सारखंच आलं" म्हणून खूश झाला, तर त्याला काय म्हणाल? (१) मधून काढलेली किंमत (१) मध्येच ताडून बघणं म्हणजे तेच. हे सांगितल्यावर उसाच्या घरातल्या पोरांना परत समजवावं लागत नाही.

तर पहिली दुरुस्ती ही: ताळा दोन्ही समीकरणांत करा. वेळ कमी असेल आणि एकातच करायचा असेल तर ज्यातून किंमत काढली नाही त्यात करा.

दोन्हीत ताळा केला की चूक कुठं आहे हेसुद्धा कळतं, आणि हे शाळेत कोणी फारसं सांगत नाही. समजा तुम्ही किंमत (१) मधून काढली, ती (२) मध्ये ठेवली, आणि क्ष मिळाल्यावर यसुद्धा त्याच काढलेल्या किमतीवरून घेतला. (१) जुळतं आणि (२) जुळत नाही, असं झालं तर किंमत काढेपर्यंतचं काम ठीक आहे. बिघाड किंमत ठेवण्याच्या ओळीत किंवा तिच्या खाली आहे. तिथूनच तपासा, वरचं खोडू नका. उलट झालं, म्हणजे (२) जुळलं आणि (१) फिसकटलं, तर किंमत काढतानाच घोळ आहे. दोन्ही फिसकटली तर सगळ्यात आधी शेवटची ओळ बघा, क्ष बरोबर असून य काढताना साधी वजाबाकी चुकलेली असते. तिथं सापडलं नाही तर दोन जागी चूक आहे, मग सरळ नवीन पान घ्या. आणि दोन्ही जुळूनही पुस्तकाशी जुळत नाही, असा जो चौथा प्रकार आहे, तो सगळ्यात लबाड. त्याच्याकडे शेवटी येते.

एक खबरदारी. काही मुलं क्ष मिळाल्यावर य काढायला (२) मध्ये जातात. त्यात चूक काही नाही, पण मग (२) आपोआप जुळणार आणि वरचा सगळा हिशोब फिरणार. मी माझ्या पोरांना य काढलेल्या किमतीवरूनच घ्यायला लावते, ते एवढ्यासाठीच.

(२) जुळतं आणि (१) नाही, याचा नमुना बघा. २क्ष − य = ४ वरून पोरं लिहितात य = ४ − २क्ष. २क्ष पलीकडे गेला, चिन्ह बदललं, झालं. पण यच्या मागचं वजा कुठं गेलं? खरं तर −य = ४ − २क्ष असं होतं. या चुकीच्या किमतीनं पुढं गेलात तर ५क्ष − १२ + ६क्ष = ७, क्ष = १९/११ आणि य = ६/११. (२) मध्ये ठेवा: ९५/११ − १८/११ = ७७/११ = ७, चोख. (१) मध्ये ठेवा: ३२/११. म्हणजे खालचं सगळं काम नीट होतं, पहिलीच वीट तिरकी होती.

यावर माझा उपाय साधा आहे. चलामागे वजा असेल तर त्याला हलवा, बाकीच्यांना नाही. २क्ष − य = ४ मध्ये यला उजवीकडे न्या, तिथं तो अधिक होतो; ४ ला डावीकडे आणा. २क्ष − ४ = य. उलटं लिहिलं की झालं. चिन्हं बदलायची खटपट निम्म्यावर येते.

वजाचं चिन्ह निसटतं, कारण ते आकड्याच्या शेजारी उभं असतं आणि कंस सोडवताना मागं राहतं. भास्कराचार्यांच्या बीजगणितात, ११५० च्या आसपासची गोष्ट, ऋण संख्येच्या डोक्यावर बिंदू देत. आकडा उचलला की ऋणपण सोबत आलंच. अव्यक्तांना, म्हणजे आपल्या क्ष-यसारख्या अज्ञात राशींनाही, त्यात नावं आहेत: पहिलं यावत्तावत्, मग रंगांची, कालक, नीलक, पीतक. आणि एकाच रंगाची किंमत दोन समीकरणांतून काढून ती एकमेकींबरोबर मांडायची, ही रीत त्यात आहे. आपल्या रीतीची सख्खी बहीणच म्हणा. एका वर्षी मी पोरांना क्ष निळ्या पेनानं आणि य लाल पेनानं लिहायला लावलं होतं. महिनाभर चाललं, मग लाल पेनं संपली.

कंसाबद्दल अजून एक. "कंस घाला" असं नुसतं सांगून उपयोग होत नाही, पोरं विसरतातच. मी त्यांना ओळ दोन टप्प्यांत लिहायला लावते. आधी यच्या जागी रिकामा कंस: ५क्ष − ३(   ) = ७. मग त्या कंसात किंमत जशीच्या तशी उतरवायची. एक ओळ जास्त जाते, पण २क्ष − ४ हे दोन तुकडे नसून एकच गाठोडं आहे हे हाताला कळतं. तीनपट वजा करायची ती अख्ख्या गाठोड्याची.

"काकू, क्ष गायबच झाला"

ही दुसरी नेहमीची तक्रार. उत्तर येतं ४ = ४. किंवा ० = ०.

इथं घाबरण्याआधी वरची ओळ वाचा. दहापैकी नऊ वेळा मुलानं (१) मधून य = २क्ष − ४ काढलेलं असतं आणि ते परत (१) मध्येच ठेवलेलं असतं: २क्ष − (२क्ष − ४) = ४. क्ष जाणारच, राहणार ४ = ४. पुन्हा तोच काटा, तीच गाडी. म्हणून "समीकरण (१) वरून" आणि "ही किंमत समीकरण (२) मध्ये ठेवून" हे शब्द वहीत लिहायचे असतात. पोरांना वाटतं ते पेपर तपासणाऱ्यासाठी आहेत. ते लिहिणाऱ्यासाठीच जास्त आहेत.

पण उरलेल्या एका वेळी गणितच तसं असतं. समजा गणपती पेठेत गेलात. सांगलीचा बेदाणा आणि सांगलीची हळद, दोघांनाही भौगोलिक मानांकन आहे, तेव्हा तेच घेऊ. काल दोन किलो बेदाणा आणि एक किलो हळद घेतली, बिल झालं ८०० रुपये. आज चार किलो बेदाणा, दोन किलो हळद, बिल १६०० रुपये. (भाव गणिताच्या सोयीचे आहेत, दुकानात जाऊन मला आठवू नका.) २क्ष + य = ८०० आणि ४क्ष + २य = १६००. पहिल्यातून य = ८०० − २क्ष, दुसऱ्यात ठेवा: ४क्ष + १६०० − ४क्ष = १६००. म्हणजे १६०० = १६००. चूक काहीच नाही. दुसऱ्या बिलानं नवी माहितीच दिलेली नाही, तेच बिल दुप्पट करून लिहिलंय. बेदाणा ३०० आणि हळद २०० असू शकते, बेदाणा २५० आणि हळद ३०० सुद्धा. अशा वेळी लिहायचं: अनंत उकली.

आता दुकानदारानं आज जास्त माल घेतला म्हणून शंभर कमी केले. ४क्ष + २य = १५००. तीच किंमत ठेवली तर १६०० = १५०० येतं. एकाच भावात ही दोन्ही बिलं होऊच शकत नाहीत, म्हणजे उकल नाही. आलेखात या दोन समांतर रेषा. चल गेला आणि उरलेलं विधान खरं असेल तर अनंत उकली, खोटं असेल तर एकही नाही. मात्र हे लिहिण्याआधी सहगुणकांची गुणोत्तरं बघून घ्या. इथं २/४ आणि १/२ सारखी आहेत म्हणून हे घडलं. गुणोत्तरं वेगळी असतील आणि तरीही चल गेला, तर चूक तुमची.

अपूर्णांक आले की

चल कुठला काढायचा हे आधी ठरवा. ज्याचा सहगुणक १ किंवा −१ आहे तो. एवढं पाळलं तर निम्मे अपूर्णांक येतच नाहीत. २क्ष + ३य = १३ आणि ३क्ष + ५य = २१ असं असलं की सुटका नाही, क्ष = (१३ − ३य)/२ घ्यावंच लागतं. ठेवलं की ३(१३ − ३य)/२ + ५य = २१. इथं दोननं गुणताना पोरं पहिलं पद गुणतात, २१ चे ४२ करतात आणि मधला ५य तसाच सोडतात. ३९ − ९य + ५य = ४२, य = −३/४. खरं ३९ − ९य + १०य = ४२, य = ३, क्ष = २. छेद घालवताना प्रत्येक पदाच्या डोक्यावर बारीक अक्षरात ×२ लिहा आणि मग गुणा.

एक सोपी वाट कधीकधी समोरच असते. ४क्ष + ३य = २५, ५क्ष + ६य = ३८. इथं य एकटा काढायची गरजच नाही, ३य हेच गाठोडं धरा. ३य = २५ − ४क्ष, आणि ६य म्हणजे २(३य). मग ५क्ष + २(२५ − ४क्ष) = ३८, −३क्ष = −१२, क्ष = ४, ३य = ९, य = ३. छेद नावालाही नाही.

दोन्ही जुळतात, तरीही चूक

आता तो लबाड प्रकार. आधी बघा की गणित पुस्तकातून नीट उतरवलंय का. सहाचा आठ झालेला असतो. ते ठीक असेल आणि शाब्दिक गणित असेल, तर समीकरणं मांडतानाच काहीतरी बदललेलं असतं. ताळा समीकरणाशी जुळतो, पण समीकरणच गणितातल्या वाक्याशी जुळत नाही.

त्याच मुलीनं, जिची वही मी वर सांगितली, हे आणलं होतं. आई मुलीपेक्षा २४ वर्षांनी मोठी. पाच वर्षांपूर्वी आईचं वय मुलीच्या वयाच्या चौपट होतं. दोघींची आजची वयं काढा. आईचं वय क्ष, मुलीचं य. तिनं लिहिलं:

क्ष = य + २४
क्ष − ५ = ४य − ५

दुसऱ्यात दोन्हीकडचे पाच गेले, क्ष = ४य. ४य = य + २४, य = ८, क्ष = ३२. अपूर्णांक नाही, ऋण नाही, दोन्ही समीकरणांत ताळा जुळतो. इतकं देखणं उत्तर चुकीचं असेल असं कोणाला वाटेल? पुस्तकात मात्र १३ आणि ३७.

मी तिला म्हटलं, समीकरण बाजूला ठेव, गणिताचं वाक्य वाच आणि तुझी वयं त्यात घाल. आज ८ आणि ३२. पाच वर्षांपूर्वी ३ आणि २७. तीन चोक बारा. ती गप्प झाली. मग पेन्सिलनं ४(य − ५) असा कंस घातला आणि पुन्हा सोडवलं. य + १९ = ४य − २०, ३य = ३९, य = १३, क्ष = ३७. पाच वर्षांपूर्वीची वयं काढली: ८ आणि ३२.

थोडा वेळ ती दोन्ही उत्तरांकडे आलटून पालटून बघत होती. कंस न घातल्यामुळे तिनं "चौपट" ही गोष्ट आजची धरली होती, आणि दोघींमधला २४ वर्षांचा फरक तर कधीच बदलत नाही. म्हणून तिला मिळाली ती वयं खरीच होती, फक्त पाच वर्षं जुनी.

"म्हणजे काकू," ती म्हणाली, "हे गणित मी पाचवीत असताना सोडवलं असतं तर मार्क मिळाले असते की."